मालिकेतली वहिनी ते लेखिका-निर्माती: हा रस्ता खरंच आहे का?

केतकीचं_बन
परवा 'नाच गं घुमा' दुसऱ्यांदा पाहिला. १ मे २०२४ ला आला तेव्हा थिएटरात पाहिला होता, पण तेव्हा पॉपकॉर्नच्या रांगेत सुरुवातीच्या पाट्या हुकल्या. या वेळी नीट वाचल्या. लेखनात परेश मोकाशींबरोबर मधुगंधा कुलकर्णी, निर्मात्यांतही त्या आहेत, आणि त्याच यादीत शर्मिष्ठा राऊत. दोघींना मी आधी मालिकांत काम करताना पाहिलंय. मग आठवत गेले. श्वेता शिंदे मालिकांत दिसायची, आज 'लागिरं झालं जी' आणि 'देवमाणूस'ची निर्माती म्हणून ओळखतात. मुग्धा गोडबोले अभिनेत्री, 'आई कुठे काय करते'चे संवाद त्यांचे. मनवा नाईकने २०१४ मध्ये 'पोरबाजार' दिग्दर्शित केला, पुढे 'तुमची मुलगी काय करते?'ची निर्मिती.

हे सगळं विचारायला कारण आहे. माझी मावसबहीण सहा वर्षं मालिकांत आहे. दोनदा नणंद, एकदा वहिनी, सध्या नायकाची मावशी. वय अडतीस. तिच्या युनिटने तिला विचारलंय, संवाद लिहितेस का? ती मला विचारते आणि मी तुम्हाला. अभिनयाचा लिखाणात खरंच उपयोग होतो का? की दारं बंद व्हायला लागली म्हणून शोधलेली ही खिडकी आहे?

टवाळ
अडतीसाव्या वर्षी मावशी म्हणजे बरं चाललंय. बेचाळीसाव्या वर्षी फोटोला हार पडतो.

निशिगंध७
टवाळ, हसले पण खरं आहे ते. पंचविशीची नायिका आणि चाळिशीची आई यांच्या मधल्या बायका मालिकेत राहतात कुठे?

माझं मत: उपयोग होतो, पण केतकीने दिलेलं पहिलंच उदाहरण फसवं आहे. मधुगंधा कुलकर्णी ही 'नट्यांमधली एक, मग लेखिका झाली' अशी गोष्ट नाही. 'लाली लीला' हे नाटक त्यांचं. लिहिण्याचं अंग आधीपासूनच होतं.

ठाणेकर
आणि घरातच दिग्दर्शक असला की सोपं जातं. परेश मोकाशींसारखा 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'वाला नवरा असेल तर मीही लिहीन.

पाटलीणबाई
आला! आठवा प्रतिसाद यायच्या आत नवरा आला!

ठाणेकर, 'होणार सून मी ह्या घरची' २०१३ मध्ये सुरू झाली. लेखन मधुगंधाचं, दिग्दर्शन मंदार देवस्थळींचं. अख्खा महाराष्ट्र जान्हवीच्या बाळंतपणाची वाट बघत बसला होता तेव्हा तुम्हाला मधुगंधाच्या नवऱ्याचं नाव तरी माहीत होतं का? नंतर २०१४ ला 'एलिझाबेथ एकादशी'. पंढरपुरातली पोरं, आईचं यंत्र सोडवायला सायकल विकायची वेळ आलेली, ती वाचवायला एकादशीच्या गर्दीत बांगड्यांचं दुकान. कथा तिची. राष्ट्रीय पुरस्कारांत बालचित्रपटाचा मान मिळाला त्याला. आणि हो, मोकाशींना लिहिताना तिची मदत होते असं कधी म्हणालात का? नाही ना?

ठाणेकर
बरं बाई, मागे घेतो. पण मुद्दा राहतोच. ज्यांच्याकडे ओळख आहे त्यांना पहिली संधी मिळते. केतकीच्या बहिणीलाही युनिटने विचारलंय, कारण ती रोज सेटवर दिसते.

केतकीचं_बन
मग त्यात वाईट काय? सहा वर्षं रोज सकाळी सातला दिसत राहणं ही पण मेहनतच की.

शिफ्टवाला
बऱ्याच दिवसांनी लिहितोय. मी सात वर्षं ईपी होतो. एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर. नाव मोठं, काम जेवणाचे डबे मोजायचं. त्यामुळे वरच्या प्रश्नावर थोडं सविस्तर.

डेली सोपचं लिखाण तीन हातांत असतं. कथा चॅनेलबरोबर बसून ठरते. पटकथावाला आठवड्याचे वन लायनर, म्हणजे सीनमागे एकेका ओळीचा आराखडा, पाडतो, ते चॅनेलकडून पास होऊन आले की संवादवाला सीन लिहितो. बँक असेल, म्हणजे पुढचे एपिसोड शूट होऊन पडलेले असतील, तर सीन आदल्या दिवशी येतो. बँक संपली असेल तर आर्टिस्ट मेकअपला बसलेली असते, एका डोळ्याला काजळ घालून झालेलं असतं, आणि सीन व्हॉट्सॲपवर येऊन पडतो. दुसऱ्या डोळ्याचं काजळ होईपर्यंत पाठ.

आता एक प्रसंग सांगतो. दिवाणखान्यातला सीन, सात माणसं. लेखकाने लिहिलेलं, 'सगळे स्तब्ध होतात.' लिहायला किती वेळ लागतो? शूट करायला सात जणांचे सात क्लोज, म्हणजे नुसत्या चेहऱ्याचे शॉट, प्रत्येकाला लाईट फिरवायचा, दीड तास गेला. वहिनीचं काम करणाऱ्या बाईंच्या हातात पूजेचं ताट, निरांजन पेटलेलं. टेक संपला की फॅन लावायचा, फॅन लावला की वात विझायची, मग दोन टेकमध्ये सगळं सारखं दिसतंय ना ते बघणारी कंटिन्युटीवाली पोरगी तेलाची वाटी घेऊन धावत यायची. शेवटी त्या बाई मला म्हणाल्या, "अरे, या लेखकाने आयुष्यात कधी ताट धरलंय का रे हातात?"

पुढे वर्षभराने त्यांनीच संवाद लिहायला घेतले. पहिल्याच आठवड्यात मला कागदावर फरक दिसला. सातच्या जागी तीन माणसं. ताट बोलायच्या आधी खाली ठेवलेलं. नि 'सगळे स्तब्ध' गायब. त्याऐवजी एकजण पाणी आणायला उठून जातो. परिणाम तोच, वेळ अर्धा. आणि मला त्या दिवशी चार पर-डे, म्हणजे चार नटांचा दिवसाचा मेहनताना, कमी द्यावे लागले, म्हणजे निर्मात्याचंही काम झालं. त्यांना कोणी हे शिकवलं नव्हतं. त्या सीनच्या आत उभ्या राहिलेल्या होत्या, एवढंच.

निशिगंध७
शिफ्टवाला, जबरदस्त प्रतिसाद. म्हणजे नटीला माहीत असतं की हातांचं काय करायचं.

पाटलीणबाई
म्हणून सासवा मेथी निवडत असतात होय!

शिफ्टवाला
मेथीचं नाव काढू नका! दर टेकला जुडी लहान होते. मास्टरमध्ये, म्हणजे सगळे एकत्र दिसतात त्या शॉटमध्ये, भरलेली परात, क्लोजमध्ये चार काड्या. मग एक माणूस फक्त सारख्या आकाराच्या जुड्या आणायला बाजारात. लिहिणारा नवा आहे हे मेथीवरून कळतं. अनुभवी माणूस मटार देतो. सोलले तरी ढीग तेवढाच दिसतो.

टवाळ
मराठी मनोरंजनसृष्टीतला मटारांचा वाटा, या विषयावर पीएचडीला जागा आहे.

रेवती_ना
आमच्याकडे कपड्यांच्या घड्या घालतात. तोच एक टॉवेल अठरा एपिसोड.

जुनाखोड
तुमच्या चर्चेत थोडं मागचं घालतो.

हा रस्ता आज निघालेला नाही. दूरदर्शनवर दुपारी 'दामिनी' लागायची, प्रतीक्षा लोणकर. मराठीतली पहिली दैनंदिन मालिका म्हणून तिचं नाव घेतात. ती उभी केली कांचन अधिकारी यांनी. हिंदीत नीना गुप्तांनी १९९८ मध्ये 'साँस' लिहिली, दिग्दर्शित केली, वर नायिकाही स्वतःच. स्मृती इराणी 'क्योंकि'मध्ये तुळशी असतानाच २००६ ला 'थोडी सी जमीन थोडा सा आसमान'च्या निर्मात्या झाल्या.

पण तेव्हाची निर्माती आणि आताची निर्माती या दोन वेगळ्या जमाती आहेत. दूरदर्शनच्या प्रायोजित पद्धतीत निर्माता प्रसारणाचं शुल्क भरायचा, बदल्यात जाहिरातींचा वेळ मिळायचा, तो विकून पैसे उभे करायचे. बुडालात तर तुम्ही, तरलात तर तुम्हीच. कार्यक्रम मात्र तुमचा. खासगी वाहिन्या आल्या आणि हळूहळू उलटं झालं. वाहिनी एपिसोडमागे ठरलेली रक्कम देते आणि मालिकेचे सगळे हक्क स्वतःकडे ठेवते. आज 'निर्माती' म्हणजे बहुतेक वेळा वाहिनीची कंत्राटदार. हे त्या मुलीला सांगा, म्हणजे भ्रम राहणार नाही.

ठाणेकर
काका, कंत्राटदार जरा जास्तच झालं. श्वेता शिंदेने साताऱ्याकडची बोली, तिथली नवी पोरं घेऊन 'लागिरं' काढली २०१७ मध्ये. तेजपाल वाघांनी लिहिली. तोवर फौजीची प्रेमकथा म्हटली की शहरी मराठीत बोलायचे सगळे. असा निर्णय कंत्राटदार घेतो का?

जुनाखोड
बोली निवडली, मान्य. ती मालिका उद्या दुसऱ्या भाषेत करायची झाली तर परवानगी कोणी द्यायची, ते विचारा. माझा प्रश्न तेवढाच.

निशिगंध७
काकांचा मुद्दा 'आई कुठे काय करते'वर लावून बघा. मूळ बंगाली 'श्रीमोयी', लीना गंगोपाध्याय यांची. त्यावरून आपली अरुंधती, हिंदीत 'अनुपमा'. तीन भाषांत तीच आई राबते. मुग्धा गोडबोल्यांनी संवादांत अरुंधतीला जी स्वतःची भाषा दिली, ती कोणाच्या मालकीची?

वकीलीण
मालकीचा विषय निघाला म्हणून लिहिते.

कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली. गीतकार-संगीतकारांचं नाव जास्त गाजलं, पण चित्रपटात वापरलेल्या साहित्यकृतीच्या लेखकालाही ती लागू आहे. चित्रपटगृहातलं प्रदर्शन सोडून बाकी वापरातून येणाऱ्या रॉयल्टीत लेखकाचा वाटा, आणि तो हक्क लेखकाला करारात लिहून सोडूनही देता येत नाही. हे कागदावर. प्रत्यक्षात करारात काय काय लिहिलेलं असतं ते बघून मी चहा गार करून घेतलाय. 'आजवर शोधलेल्या आणि यापुढे शोधल्या जाणाऱ्या सर्व माध्यमांत, संपूर्ण विश्वात.' विश्वात! मंगळावर मालिका लागली तरी लेखकाला काही नाही.

केतकी, बहिणीला सांग: मुंबईत स्क्रीनरायटर्स असोसिएशन आहे, सभासद हो, स्वतःचं जे काही आहे ते आधी तिथे नोंदव. आणि करारात श्रेयनाम कसं, कुठे, किती वेळ, हे लिहून घे.

टवाळ
किती वेळ हे महत्त्वाचं. शीर्षकगीतात संवादलेखकाचं नाव शिंकेएवढं टिकतं.

रेवती_ना
मालकीवरून आठवलं. या सगळ्याची आद्य वहिनी शिकागोची आहे.

अर्ना फिलिप्स. १९३० मध्ये तिथल्या डब्ल्यूजीएन रेडिओवर 'पेंटेड ड्रीम्स' सुरू झाली. पहिली सोप म्हणतात ती हीच. लिहायची तीच, त्यात आवाजही तिचा. म्हणजे आपला धाग्याचा विषय अगदी पहिल्याच मालिकेत आहे, नटी आणि लेखिका एकच. मालिका चालली, तिला ती मोठ्या नेटवर्कवर न्यायची होती, स्टेशन म्हणालं मालिका आमची. भांडण कोर्टात गेलं, ती हरली. पण त्याआधीच बाहेर पडून तिने १९३२ मध्ये 'टुडेज चिल्ड्रन' काढली आणि पुढे मालकी आपल्याकडे राहील याची काळजी घेतली. तिची 'गायडिंग लाइट' १९३७ मध्ये रेडिओवर सुरू झाली, १९५२ मध्ये टीव्हीवर गेली आणि थेट २००९ मध्ये संपली.

मला सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे ती हाताने लिहायचीच नाही. खोलीत फेऱ्या मारत एकेका पात्राच्या आवाजात बोलायची आणि सेक्रेटरी टाइप करायची. अभिनय सोडून लेखन केलं असं म्हणायचं तरी कसं?

पाटलीणबाई
रेवती, हे माहीतच नव्हतं! साबणाच्या कंपन्या प्रायोजक म्हणून 'सोप', एवढंच ठाऊक.

गोदाकाठ
मी उलटी बाजू मांडते. मी अशाच रस्त्याने गेले आणि परत आले.

चार वर्षं मालिकांत छोटी कामं, मग संवाद. नाव-गाव सांगत नाही. पहिले तीन महिने स्वर्ग. मग कळलं, नटीचा दिवस बारा तासांनी संपतो, लेखिकेचा संपतच नाही. गुरुवारी टीआरपी येणार. आकडा पडला की दुपारी फोन, ट्रॅक बदला. कोणी आर्टिस्ट लग्नाला सुट्टी मागतो, मग त्याला रातोरात अमेरिकेला पाठवा. सासूबाईंचं दुसऱ्या प्रॉडक्शनशी जमलं, त्यांना कोमात घाला. मी एका वर्षात तीन माणसं कोमात घातली आणि एक काशीला पाठवली. पैसे प्रसारणानंतर नव्वद दिवसांनी, असं ठरलेलं. मालिका अचानक बंद झाली आणि माझे शेवटचे बेचाळीस एपिसोड आजही त्या नव्वद दिवसांत आहेत. सेटवर असताना निदान ओरडता तरी यायचं. घरी बसून लिहिणारीचा फोन उचलायला कोण बांधील आहे?

आता मी शाळेतल्या मुलांची नाटकं बसवते. पश्चात्ताप नाही. पण 'उपयोग होतो का' याचं माझं उत्तर असं की लिखाणाला होतो, लिहिणारीला होतोच असं नाही.

केतकीचं_बन
गोदाकाठताई, वाचून गप्प झाले. बहिणीला तुमचा प्रतिसाद तसाच पाठवलाय.

शिफ्टवाला
ताई, तुमचं शंभर टक्के बरोबर, आणि आम्ही ईपी लोक त्या फोन न उचलणाऱ्यांतलेच. लाज वाटते, पण उचलून सांगायला आमच्याकडेही काही नसायचं.

निर्मातीचंही एक सांगतो, कारण बायका म्हणतात लेखिकेला विचारत नाहीत तर निर्माती होऊ. सेट उभारायचा पैसा आधी लागतो, चॅनेलचा चेक नंतर येतो. मधलं अंतर कर्जाने भरायचं. एप्रिल २०२१ आठवा. महाराष्ट्रात शूटिंग बंद, मालिका उचलून गोव्याला नेल्या. हॉटेलं, बसगाड्या, सगळ्यांच्या चाचण्या. मे महिन्यात गोव्यानेही परवानगी काढून घेतली. सेट इकडे भाड्यावर, युनिट तिकडे अडकलेलं. त्या दिवसांत ज्या नट्या निर्मात्या होत्या, त्यांना मी एका हाताने मेकअप पुसताना आणि दुसऱ्या हाताने बसवाल्याशी घासाघीस करताना पाहिलंय.

ठाणेकर
म्हणजे चित्रपट बरा? 'वाळवी'सारखा? लेखन परेश-मधुगंधाचं, ७०व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्तम मराठी चित्रपट. तिथे गुरुवार नाही.

टवाळ
तिथे शुक्रवार आहे.

निशिगंध७
टवाळ, एक नंबर.

ठाणेकर, पण गंमत बघा. 'वाळवी'त जे सारखं 'आता हे कळणार, आता पकडले जाणार' चालतं, ती कसरत रोज रात्री शेवटच्या मिनिटाला प्रेक्षकाला अडकवून ठेवणाऱ्या मालिकेचीच आहे. शिकली कुठेही असो, हात तिथे बसलाय असं मला वाटतं. आणि 'घुमा'त मुक्ता बर्वे आणि नम्रता संभेराव स्वयंपाकघरात एकमेकींच्या अंगावरून जातात-येतात, भांडतात आणि काम थांबत नाही. ते लिहिणाऱ्या बाईने किचनच्या सेटवर दिवस काढलेत हे कळतं. इथे शिफ्टवाल्यांचं निरांजन आठवलं.

जुनाखोड
निशिगंध, पहिलं वाक्य तुमची कल्पना आहे, दुसरं मात्र पटलं.

रेवती_ना
अवांतर: 'घुमा' पाहून आमच्या कामाच्या ताईंनी दुसऱ्या दिवशी दांडी मारली. विचारलं तर म्हणाल्या, पिक्चरला गेले होते.

पाटलीणबाई
रेवती, मग पगारवाढ मागितली की नाही?

रेवती_ना
मागितली. दिली. मुक्ताने दिली असती तर मी कोण?

*(यानंतर घरकामगारांच्या पगारी सुट्ट्यांवर दोन पानं चर्चा झाली. संपादकांनी ती वेगळ्या धाग्यात हलवली आहे.)*

वकीलीण
धागा परत रुळावर आणायचा प्रयत्न: केतकी, काय ठरलं बहिणीचं?

केतकीचं_बन
तीन आठवडे इथे फिरकले नाही, सॉरी. ठरलं.

मावशीचं काम सोडलं नाही. महिन्याला आठ दिवस शूट, बाकी लिखाण, असं बोलून घेतलं. गोदाकाठताईंचा प्रतिसाद वाचून तिने पहिल्यांदा पैशांचंच विचारलं, आणि वकीलीणबाईंचं ऐकून श्रेयनामाचं लिहून घेतलं. विश्वाचं कलम मात्र काढलं नाही त्यांनी. म्हणे सगळेच सही करतात.

काल रात्री तिचा पहिला एपिसोड लागला. आम्ही आईकडे जमलो होतो. नाव आलं तेव्हा आई चष्मा शोधत होती, चष्मा सापडेपर्यंत नाव गेलं. तिने सासू-सुनेचा सीन लिहिला होता. दोघीच, स्वयंपाकघरात, भांडण आहे पण आवाज चढत नाही कारण बाहेर पाहुणे बसलेत. कागदावर मी वाचला होता, अंगावर काटा आला होता.

पडद्यावर पाहुणे आत आलेले. सातही. स्तब्ध. आणि प्रत्येकावर तीन वेळा झपकन कॅमेरा. तिचा एकच संवाद जसाच्या तसा उरला होता. पण सासूच्या समोर मटार होते!

पाटलीणबाई
मटार!!! अभिनंदन सांग तिला.

गोदाकाठ
माझ्याकडूनही. खरंच.

शिफ्टवाला
पहिल्याच एपिसोडला एक अख्खा संवाद उरला? नशीबवान आहे पोरगी. माझ्या वेळच्या एका लेखिकेचा पहिला संवाद अठराव्या एपिसोडला लागला होता. तोही 'हॅलो' होता.